सौदा आज, ताबा कधी?

चर्नी रोडहून चर्चगेटकडे जाणारी लोकल समुद्राच्या कडेकडेने ज्या पट्ट्यावरून धावते, त्यासाठी बॅकबेत भराव घालावा लागला होता. गिरगाव चौपाटीसमोरचा हा उपसागर बुजवून जमीन विकायची, या बेताने १८६०च्या दशकात बॅकबे रेक्लमेशन कंपनी निघाली. तिचा ५,००० रुपयांचा शेअर ५०,०००च्या घरात गेला. समुद्रातल्या भरावापेक्षा बाजारातला भावच भराभर वर येत होता.

यामागे कापूस होता. १८६१मध्ये अमेरिकेत यादवी पेटली, लँकेशायरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचे मोल आले. मुंबईत पैशाचा पूर लोटला. तो जिरवायला रोज नव्या बँका, नव्या वित्तसंस्था, नव्या भराव कंपन्या उभ्या राहू लागल्या. प्रेमचंद रायचंद हे त्या बाजाराचे अनभिषिक्त राजे. एप्रिल १८६५मध्ये यादवी संपली, कापूस कोसळला. १ जुलै १८६५ ही असंख्य वायद्यांची मुदत होती. त्या दिवशी घेणाऱ्याकडे पैसा नव्हता आणि देणाऱ्याला गिऱ्हाईक नव्हते. बँक ऑफ बॉम्बेचा २,८५० रुपयांपर्यंत चढलेला शेअर पुढे ८७ रुपयांवर आला. १८६८मध्ये ती बँकच गुंडाळावी लागली. डॉ. भाऊ दाजी लाडांसारख्या विद्वानाचीही पुंजी या लाटेत गेली. तरुणपणी हे सारे पाहिलेल्या दिनशा वाच्छा यांनी १९१०मध्ये त्यावर पुस्तकच लिहिले.

शेअर म्हणजे जुगार, हा धडा तेव्हापासून अनेक घरांनी गिरवला. पण १ जुलैला माणसे बुडाली ती मुख्यतः पदरी पैसा नसताना पुढच्या तारखेचे सौदे केल्यामुळे. म्हणून कोणताही कागद घेताना दोन गोष्टी पाहाव्यात : हाती नेमका कोणता हक्क येतो आणि तो केव्हा येतो.

हाती काय येते?

शेअर घेणारा कंपनीचा भागीदार होतो. नफा झाला आणि कंपनीने जाहीर केला, तरच लाभांश. कंपनी बुडाली तर सगळ्यांची देणी फिटल्यावर काही उरले, तर त्यातला वाटा. मात्र पूर्ण भरणा झालेल्या शेअरवर घातलेल्या रकमेपलीकडे त्याच्याकडून कोणी वसुली करू शकत नाही.

रोखा घेणारा सावकार असतो. पुणे महापालिकेने २०१७मध्ये पाणीपुरवठ्यासाठी २०० कोटींचे रोखे काढले. मुदत १० वर्षे, व्याज ७.५९ टक्के. पालिकेचा कारभार कसाही चालो, ठरलेले व्याज आणि शेवटी मुद्दल देणे तिच्यावर बंधनकारक. तरीही रोख्याचा भाव हलतो. समजा, उद्या तितकाच सुरक्षित नवा रोखा साडेआठ टक्के देऊ लागला, तर ७.५९ टक्क्यांच्या जुन्या कागदाला शंभराला शंभर कोण देईल? व्याजदर चढले की जुने रोखे उतरतात आणि दर उतरले की चढतात. केंद्र सरकारची ९१, १८२ आणि ३६४ दिवसांची ट्रेझरी बिले व्याज देत नाहीत. ती कमी किमतीत मिळतात आणि मुदतीअखेर पूर्ण रक्कम हाती येते. नोव्हेंबर २०२१पासून रिझर्व्ह बँकेच्या रिटेल डायरेक्ट योजनेत सामान्य माणूसही सरकारी कागद थेट घेऊ शकतो.

शेअर आणि रोखा या दोहोंमधलेही कागद असतात. गिरगावचे नाना शंकरशेट ज्या ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेशी निगडित होते, तिच्या भागधारकांना सरकारने पाच टक्क्यांची हमी दिली होती. नावाने शेअर, वृत्तीने रोखा! आजचा प्रेफरन्स शेअर याच जातकुळीतला : लाभांश ठरलेला, मान आधीचा, मताधिकार सहसा नाही.

म्युच्युअल फंडात आपण युनिट घेतो. शेअर-रोख्यांची निवड फंडाचा व्यवस्थापक करतो. युनिटचे मूल्य दिवसअखेर ठरते. ईटीएफचे युनिट मात्र शेअरसारखे दिवसभर बाजारात विकले जातात.

सौदा कसा होतो?

नवा शेअर कंपनी स्वतः विकते तेव्हा पैसा तिच्या तिजोरीत जातो. त्यानंतरचे सौदे गुंतवणूकदारांचे आपापसातले. टाउन हॉलजवळच्या वडाखाली जमणाऱ्या दलालांनी १८७५मध्ये संघटना बांधली, तोच आजचा मुंबई शेअर बाजार. तिथल्या रिंगणातला ओरडा १९९५मध्ये संगणकाने थांबवला.

आता पडद्यावर दोन रांगा दिसतात. समजा, सर्वांत चढा घेणारा ५०१ रुपयांना उभा आहे आणि सर्वांत स्वस्त देणारा ५०२ला. ‘बाजारभावाने घ्या’ म्हटलेत तर ५०२ला मिळेल. ५००ची मर्यादा घातलीत तर रांगेत थांबावे लागेल. भाव सारखा असेल तर आधी आलेल्याचा नंबर आधी. फारशी उलाढाल नसलेल्या शेअरमध्ये हे एका रुपयाचे अंतर वीस रुपयांचेही असू शकते. तिथे मर्यादा न घालता मागणी टाकणे महागात पडते.

सौद्यानंतरचे काम पूर्वी कागदावर चाले. सर्टिफिकेट, ट्रान्सफर फॉर्म, सही जुळली नाही की ‘बॅड डिलिव्हरी’ म्हणून कागद परत. १९९६मध्ये शेअरांची नोंद सांभाळणारी एनएसडीएल ही संस्था आली, १९९९मध्ये तशीच सीडीएसएल, आणि शेअर डीमॅट खात्यात नोंदीरूपाने राहू लागले.  सौदा पुढे ढकलत राहण्याची ‘बदला’ पद्धत २००१मध्ये बंद झाली. क्लिअरिंग कॉर्पोरेशन घेणाऱ्या-देणाऱ्याच्या मध्ये उभी राहते, त्यामुळे समोरचा बुडाला तरी सौदा पार पडतो. २७ जानेवारी २०२३पासून सर्व शेअरांचा हिशेब दुसऱ्या कामकाजाच्या दिवशी चुकता होतो.

गिरगावातल्या जुन्या चाळी पाडल्या जात असताना पेट्यांच्या तळाशी अजून कागदी शेअर निघतात. एप्रिल २०१९पासून ते डीमॅट केल्याशिवाय दुसऱ्याच्या नावावर करता येत नाहीत. सलग सात वर्षे लाभांश उचललेला नसेल, तर शेअर सरकारच्या गुंतवणूकदार संरक्षण निधीकडे वर्ग होतात; अर्ज करून ते परत मिळवता येतात. रद्दीवाल्याला हाक मारण्याआधी कंपनीचे नाव आणि फोलिओ क्रमांक टिपून ठेवावा.

वायदा गेला कुठे?

महिन्यांचे अंतर एका दिवसावर आले, तरी वायदा काही संपलेला नाही. तो फ्युचर्स-ऑप्शन्सच्या रूपाने शेजारच्याच दालनात बसला आहे. मार्जिन म्हणजे आधी भरायची अनामत कडक आहे, नियमन आहे, हिशेब रोजच्या रोज होतो. त्यामुळे आता एका तारखेला अख्खा बाजार सहसा बुडत नाही, बुडतो तो एकेकटा माणूस. बाजाराचे नियमन करणाऱ्या सेबीने सप्टेंबर २०२४मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत अशा सौद्यांतल्या १०० पैकी ९३ वैयक्तिक व्यापाऱ्यांना तोटा झाला. एकत्रित तोटा १.८ लाख कोटी रुपयांहून जास्त. शेअर पडला तरी तो खात्यात राहतो, घेणाऱ्याला वाट पाहता येते. ऑप्शन म्हणजे ठरलेल्या भावाने सौदा करण्याचा मुदतीपुरता हक्क. त्याची मुदत टळली आणि तो भाव गाठला गेला नाही, तर भरलेला प्रीमियम कायमचा गेला.

लक्ष्मीपूजनाच्या दिवशी तासाभराचे मुहूर्ताचे सौदे होतील. त्यात दहा शेअर घेणारा भागीदार होईल आणि रोखा घेणारा सावकार. ऑप्शन घेणाऱ्याने पैसे मोजलेले असतील ते फक्त एका तारखेपर्यंतच्या हक्कासाठी.