भांड्याच्या बुडाशी राहणारी चव : भाजलेल्या मांसाची ग्रेव्ही घरच्या घरी

नाताळ जवळ आला की रविवारच्या मिस्सानंतर चर्चच्या आवारात ज्या गप्पा रंगतात, त्यांत धर्मशास्त्रापेक्षा पाकशास्त्राचा वाटा मोठा असतो, हे कोणताही धर्मगुरू प्रांजळपणे कबूल करील. गेल्या वर्षी डोंबिवलीतील एका भगिनीने असाच एक प्रश्न माझ्यापुढे मांडला. "फादर, रोस्ट माझा चांगला होतो, पण आईच्या हातच्या ग्रेव्हीची चव काही येत नाही. शेवटी पाकीट फोडते." मी सहज विचारले, "रोस्ट काढून घेतल्यावर त्या पातेल्याचे काय करता?" त्या म्हणाल्या, "लगेच पाणी घालून भिजत टाकते. बुडाला किती लागलेले असते, घासून हात दुखतात!"

त्यांच्या प्रश्नाचे उत्तर त्यांनी भिजत टाकलेल्या त्या पातेल्यातच होते. त्या दिवशी तेथे उभ्या असलेल्या चार-पाच जणींचाही अनुभव तसाच निघाला, म्हणून या विषयावर थोडे सविस्तर लिहावे असे वाटले.

प्रथम शब्दाविषयी. आपल्याकडे हॉटेलच्या भाषेत कांदा-टोमॅटोच्या कोणत्याही दाट वाटणाला ग्रेव्ही म्हणतात आणि त्यामुळे गोंधळ होतो. येथे अभिप्रेत असलेली ग्रेव्ही निराळी आहे. मांस भाजले जात असता त्यातून गळणारा रस व चरबी आणि भांड्याच्या बुडाला धरणारी तपकिरी खरवड यांपासून ती सिद्ध होते. दुधाच्या किंवा भाताच्या खरवडीसाठी ज्यांनी लहानपणी भावंडांशी भांडण केले आहे, त्यांना तिची थोरवी समजावून सांगण्याची गरज नाही.

आपल्या परिसरात ही ग्रेव्ही दोन वाटांनी आली. ठाणे सोळाव्या शतकापासून १७३७ पर्यंत पोर्तुगीज अमलाखाली होते. त्या काळात येथील ख्रिस्ती कुटुंबांच्या स्वयंपाकात व्हिनेगर रुळले आणि डुकराच्या मांसाला सणाच्या पंगतीत मानाचे स्थान मिळाले. पुढे १८८७ मध्ये ज्यांनी 'ईस्ट इंडियन' हे नाव स्वीकारले, त्या समाजाच्या ठाण्यातील व साष्टीतील घरांत रोस्ट म्हणजे ओव्हनमधला पदार्थ नव्हेच. ओव्हन होता कोठे? जाड बुडाचे पातेले, खाली मंद आच, वर झाकणात पाणी किंवा निखारे, आणि आत आले, लसूण, मिरी, दालचिनी, लवंग व व्हिनेगर लावून मुरवलेले मांस. ज्यांना खरोखर भट्टीत भाजायचे असे, ते आपले ताट गल्लीतील बेकरीवाल्याकडे नेऊन देत. पाव काढून झाल्यावर उरलेल्या उष्णतेवर रोस्ट तयार होई.

दुसरी वाट लोहमार्गाची. बोरीबंदर ते ठाणे पहिली गाडी १८५३ मध्ये धावली आणि पुढच्याच वर्षी रूळ कल्याणला पोहोचले. थळ व भोर या दोन्ही घाटांचे मार्ग कल्याणलाच फुटत असल्याने तेथे मोठी रेल्वे वसाहत उभी राहिली. त्या वसाहतीतील अँग्लो-इंडियन कुटुंबांनी इंग्रजी पद्धतीचा रविवारचा रोस्ट सांभाळला, मात्र त्यात मिरी व आले आपल्याकडचे घातले. रविवारी रोस्ट, सोमवारी थंड कापे आणि उरलेल्याची कांदा-मिरची घालून जालफ्रेझी, असा त्यांचा क्रम असे. मैद्याने दाट केलेली ग्रेव्ही ही त्या पद्धतीची देणगी. ईस्ट इंडियन पद्धतीत रस बहुधा नुसता आटवून घेतात.

आता कृतीकडे वळू. मांसाला खरपूस रंग व वास येतो तो का, याचा अभ्यास लुई कामीय मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये प्रसिद्ध केला. उष्णतेने मांसातील प्रथिनांचे घटक व शर्करा यांचा संयोग होऊन शेकडो नवे स्वाद व गंध निर्माण होतात. मात्र ही क्रिया वेगाने घडण्यासाठी सुमारे १४० अंश सेल्सिअस उष्णता लागते, आणि पाणी तर १०० अंशांवरच उकळून वाफ होते. म्हणजे मांसाचा पृष्ठभाग ओला आहे तोवर ते कितीही वेळ चुलीवर असले तरी शिजेल, पण भाजले जाणार नाही. मुरवलेले मांस पातेल्यात टाकण्यापूर्वी स्वच्छ फडक्याने कोरडे करावे असे जुन्या स्वयंपाकिणी सांगत, त्याचे कारण हेच. परतल्याने मांसातील रस आत कोंडला जातो ही समजूत मात्र खरी नाही. रस गळायचा तो गळतोच. परतायचे ते रंगासाठी आणि खरवडीसाठी.

डोंबिवलीच्या सदनिकांतील अडचण येथेच लक्षात येते. तेथे बहुतेक घरांत दोन शेगड्यांचा गॅस, एक कुकर आणि एक नॉनस्टिक कढई एवढाच संसार असतो. कुकरमध्ये उष्णता सुमारे १२० अंशांपर्यंत जाते आणि तीही ओल्या वाफेत, त्यामुळे मांस मऊ होते, पण खरवड धरत नाही. नॉनस्टिकचा तर गुणच असा की त्याला काही चिकटत नाही. ज्या गुणासाठी आपण ती कढई विकत घेतली, तोच गुण ग्रेव्हीच्या मुळावर येतो. साधे जाड बुडाचे स्टीलचे पातेले किंवा बिडाची कढई असावी. काही घरांत माळ्यावर पडलेला, झाकणावर काच असलेला ॲल्युमिनियमचा गोल विजेचा ओव्हन अजूनही सापडेल. तो चालत असल्यास उत्तमच, पण त्यावाचून अडत नाही.

एक किलो मांसाचा अंदाज धरू. डुकराचे मांस थोड्या चरबीसह घ्यावे. म्हशीचे मांस किंवा कोंबडी असल्यास चरबी कमी सुटते, म्हणून दोन-तीन चमचे तेल किंवा लोणी अधिक लागेल. मीठ, आले-लसूण, मिरी व दोन चमचे व्हिनेगर लावून मांस रात्रभर फ्रीजमध्ये मुरू द्यावे. दुसऱ्या दिवशी कोरडे करून तापलेल्या पातेल्यात ठेवावे आणि चार-पाच मिनिटे त्याला हात लावू नये. घाईने ढवळणाऱ्याला खरवड मिळत नाही. सर्व बाजू तपकिरी झाल्या की अर्धी वाटी गरम पाणी घालून, झाकणात पाणी ठेवून, अगदी मंद आचेवर दीड तासाच्या आसपास शिजवावे. मधून मधून मांस उलटावे, पाणी आटल्यास थोडे गरम पाणी घालावे. कोंबडीला अर्थातच याहून बराच कमी वेळ पुरतो. मांस मऊ झाल्यावर झाकण काढून सगळे पाणी आटू द्यावे. पाण्याचा बुडबुडणारा आवाज थांबून चरबीचा चुरचुर आवाज सुरू झाला की खरवड पुन्हा धरू लागते. हा क्षण चुकवू नये. येथून करपायला फार वेळ लागत नाही.

मांस बाहेर काढून पंधरा मिनिटे सैल झाकून ठेवावे. या वेळात ताटात जो रस साचेल तो फेकू नये, तो शेवटी ग्रेव्हीतच जाणार आहे. आता पातेले तिरके धरून चरबी एका बाजूस येऊ द्यावी व दोन मोठे चमचे ठेवून बाकीची पळीने काढून घ्यावी. बुडाची खरवड डोळ्यांनी पाहावी आणि जिभेवर ठेवून पाहावी. ती तांबूस-तपकिरी असेल तर सोने समजावे. काळी व कडू असेल तर मोह सोडून पातेले खरोखरच भिजत टाकावे, कारण करपलेल्या खरवडीचा कडूपणा साखरेने किंवा टोमॅटोने झाकला जात नाही.

ठेवलेल्या चरबीत दोन मोठे चमचे मैदा घालून मंद आचेवर दोन-तीन मिनिटे परतावा. बिस्किटासारखा वास येऊ लागला की सुमारे २५० मिलिलिटर गरम पाणी किंवा हाडांचे उकळलेले पाणी थोडे थोडे घालत लाकडी कालथ्याने बूड खरवडत जावे. पाच मिनिटांपूर्वी घासणीलाही दाद न देणारी खरवड गरम पाण्याचा स्पर्श होताच सुटू लागते आणि रसाचा रंग पाहता पाहता बदलतो. हाडांचे पाणी वापरल्यास फरक निश्चित जाणवतो. कोंबडीची मान, पाय, पाठीचा भाग थोडा कांदा व मिरी घालून तासभर उकळले की झाले. बाजारात हे भाग अगदी स्वस्त मिळतात.

गुठळ्या होतात, ही सर्वांची तक्रार. कोरडे पीठ एकदम गरम पाण्यात पडले की त्याचा बाहेरचा थर लगेच फुगून चिकट होतो आणि आतले पीठ कोरडेच राहते. आधी चरबीत परतल्याने पिठाचा कण न् कण सुटा राहतो, म्हणून गुठळी होत नाही. ज्यांना मैदा नको असेल त्यांनी त्याच्या निम्मे कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून उकळत्या रसात घालावे. ही ग्रेव्ही अधिक चकचकीत दिसते, पण फार वेळ उकळत ठेवल्यास पुन्हा पातळ होते. पाच मिनिटे मंद उकळल्यावर मैद्याचा कच्चेपणा जातो. गॅसवर असताना ती थोडी सरसरीतच असावी, पानात पडेपर्यंत आणखी दाटते. मीठ अगदी शेवटी चाखून घालावे, कारण मुरवतानाचे मीठ आटलेल्या रसात आधीच आलेले असते. व्हिनेगर अधिक हवे असल्यास तेही शेवटीच.

बाटली मसाला घालावा का? ठाण्यातील काही घरांत याविषयी मतभेद आहेत आणि ते मिटवण्याचे धाडस मी करणार नाही. माझ्यापुरते सांगायचे तर इंदियालमध्ये तो हवाच. या ग्रेव्हीत मात्र तो पुढे होऊन बोलतो आणि खरवडीला बोलू देत नाही.

आता एका गंभीर गोष्टीकडे वळणे भाग आहे, आणि ती सांगताना मला स्वतःकडे बोट दाखवावे लागेल. अनेक वर्षांपूर्वी मी एका धर्मग्रामात सहायक धर्मगुरू होतो. नाताळच्या सामुदायिक भोजनासाठी आदल्या रात्रीच मोठ्या पातेल्यात ग्रेव्ही करून ठेवली होती. मध्यरात्रीच्या मिस्साची गडबड होती. स्वयंपाक करणाऱ्या बंधूंनी विचारले, "फादर, हिचे काय करू?" मी म्हटले, "चांगली उकळली आहे ना? मग झाकून ठेवा." दुसऱ्या दिवशी दुपारी ती कोमट करून वाढली गेली. त्या रात्री व दुसऱ्या सकाळी बारा-पंधरा जणांना पोटात कळा व जुलाब सुरू झाले. त्यांत दोन वृद्ध होते. सर्वजण बरे झाले, याबद्दल मी आजही देवाचे आभार मानतो. परंतु चूक माझी होती.

तिचे कारण मला नंतर कळले. मांसाच्या पदार्थांत क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजेन्स नावाचा जिवाणू असू शकतो. उकळल्याने तो मरतो, पण त्याची बीजे मरत नाहीत. पातेले सावकाश निवू लागले की ती बीजे जागी होतात. ४३ ते ४५ अंशांच्या आसपास, म्हणजे ग्रेव्ही हाताला नुसती कोमट लागते तेव्हा, हे जिवाणू सर्वांत वेगाने वाढतात. अनुकूल स्थितीत दहा मिनिटांतच त्यांची संख्या दुप्पट होऊ शकते. पातेले जितके मोठे व खोल, तितके ते निवायला अधिक तास लागतात, आणि दाट ग्रेव्ही पातळ रश्शापेक्षाही सावकाश निवते. वर घट्ट झाकण ठेवले की जिवाणूंची आणखी सोय होते. वासावरून किंवा चवीवरून काहीही कळत नाही. आपल्याकडील डिसेंबर थंडीचा म्हणवला, तरी स्वयंपाकघरात रात्रभर अन्न बाहेर ठेवण्याइतका थंड नाही.

तेव्हा ग्रेव्ही वाढायची असेल तर ती ६० अंशांच्या वर, म्हणजे वाफा निघतील इतकी गरम ठेवावी. ठेवायची असेल तर लगेच उथळ ताटांत किंवा लहान डब्यांत ओतावी. डबा गार पाण्याच्या परातीत ठेवून ढवळल्यास ती लवकर निवते. कोणत्याही परिस्थितीत दोन तासांच्या आत ती फ्रीजमध्ये जावी. व्हिनेगरमुळे ॲल्युमिनियमच्या भांड्यात साठवू नये, स्टील किंवा काच बरी. दोन-तीन दिवसांत संपवावी, आणि दर वेळी लागेल तेवढीच काढून, नुसती कोमट न करता, खळखळ कढ आणूनच वाढावी. धर्मग्रामाच्या भोजनासाठी मोठ्या प्रमाणावर करणाऱ्यांनी तर ती त्याच सकाळी करावी. हाडांचे पाणी आदल्या दिवशी करून, निववून, फ्रीजमध्ये ठेवले तरी पुष्कळ काम हलके होते.

फ्रीजमधून काढल्यावर ग्रेव्ही जेलीसारखी थरथरत असेल तर ती बिघडली असे समजू नये. हाडांतून व सांध्यांतून उतरलेल्या जिलेटिनची ती खूण आहे, आणि आच लागताच ती पुन्हा वितळते. वर जमलेला चरबीचा पांढरा थर चमच्याने काढून घ्यावा. त्यात दुसऱ्या दिवशी उकडलेले बटाटे छान परतता येतात. उरलेली ग्रेव्ही पावाबरोबर चांगली लागते, पण घरात कालच्या फुग्या शिल्लक असतील तर पाव आणूच नये.