तो बघा, लाल रातांबा!

मे महिन्यात आमच्या परसातलं रातांब्याचं झाड फळांनी लगडायचं. “आप्पा, तो बघा केवढा लाल!” आम्ही ओरडायचो आणि आप्पा भलत्याच फांदीकडे बघत राहायचे. पिकलेलं फळ ते बोटांनी दाबून ओळखत. “ह्यांचं लक्षच नसतं,” आई म्हणायची.

पुढे माझ्या आठ वर्षांच्या मुलाने चित्रातलं खोड हिरवं आणि पानं तपकिरी रंगवली, तेव्हा मीही त्याला तेच ऐकवलं. त्याचा रडवेला चेहरा अजून डोळ्यांसमोरून जात नाही.

डोळ्यांच्या डॉक्टरांनी त्याच्यासमोर रंगीत ठिपक्यांची वर्तुळं धरली. शिनोबू इशिहारा या जपानी डॉक्टरांनी १९१७ साली प्रसिद्ध केलेली ही चाचणी. मला ठळक दिसणारा आकडा त्याला दिसेना.

तेव्हा समजलं, रंग नुसता वस्तूत नसतो. डोळ्याच्या पडद्यावर तीन प्रकारच्या शंकुपेशी असतात. त्यांच्याकडून आलेले संदेश ताडून बघून मेंदू रंग घडवतो. यातल्या एका प्रकारच्या पेशी वेगळ्या असल्या, की लाल, हिरवा, तपकिरी एकमेकांत मिसळतात. याचं जनुक एक्स गुणसूत्रावर असतं. आप्पांकडून ते माझ्याकडे आलं आणि माझ्याकडून मुलाकडे. माझं दुसरं एक्स गुणसूत्र धड असल्यामुळे मला कधी पत्ताच लागला नाही.

अणुसिद्धान्त मांडणारा जॉन डाल्टन असाच होता. इतरांना गुलाबी दिसणारं जिरेनियमचं फूल त्याला दिवसा आकाशी दिसे आणि मेणबत्तीच्या उजेडात तांबडं. १७९४ साली त्याने हे जाहीरपणे मांडलं. आपल्या डोळ्यातला द्रव निळा असावा, असा त्याचा तर्क होता. १८४४ साली तो गेल्यावर, त्याच्याच इच्छेनुसार डोळे तपासले, तर द्रव स्वच्छ निघाला. जपून ठेवलेल्या त्याच डोळ्यांतल्या डीएनएने १९९५ साली खरं कारण सांगितलं: हिरव्या उजेडाला जास्त प्रतिसाद देणारं रंगद्रव्यच त्याच्याकडे नव्हतं.

एवढ्या बारकाईने स्वतःचं बघणं तपासणाऱ्या माणसाला लक्ष नव्हतं, असं कोण म्हणेल? आप्पांचंही लक्ष होतंच. त्यांचं जग अपुरं नव्हतं. ते कसं दिसतं, एवढंच आम्ही कधी विचारलं नाही.

आता मुलाच्या खडूंवर रंगांची नावं लिहिलेली आहेत. आणि रातांबे काढताना मी “तो लाल” म्हणत नाही. “खालची फांदी, टोकाकडचा दुसरा,” म्हणते. त्याचा हात नेमका तिथे जातो. मग तो फळ हलकेच दाबून बघतो, आप्पांसारखं.