रहाटगाडग्यातली तीस सेकंदं

माझा भाचा अकरावीत आहे आणि काउंटर-स्ट्राइक खेळतो. परवा रात्री त्यानं समोरच्या संघातले पाचही गडी एकट्यानं टिपले. या पराक्रमाला खेळणारे ‘एस’ म्हणतात. भान राखून त्यानं लगेच बटणं दाबली, स्क्रीनच्या कोपऱ्यात रेकॉर्डिंग साठवल्याची पाटी झळकून गेली आणि स्वारी समाधानानं झोपली. सकाळी फोन. “मामा, क्लिप गायब झालीय. डेस्कटॉपवर नाही, डाउनलोड्समध्ये नाही, कुठ्ठेच नाही.”

“बटणं कुठली दाबली होतीस?”

“आल्ट आणि एफ-टेन.”

एवढं कळलं की निम्मं काम होतं. एकाच कॉम्प्युटरवर खेळ टिपणारी तीन-चार सॉफ्टवेअर्स गुण्यागोविंदानं नांदत असतात. एक विंडोजबरोबर येतं, एक ग्राफिक्स कार्डाबरोबर, एक स्टीमबरोबर, आणि एखादं आपणच हौसेनं घातलेलं असतं. प्रत्येकाची बटणं वेगळी आणि माल ठेवायची जागाही वेगळी. क्लिप हरवली की लोक थेट फाइल शोधत सुटतात. मी आधी विचारतो, ती टिपली कोणी?

त्याआधी एक कोडं सोडवून टाकू. घडून गेलेली गोष्ट मागाहून बटण दाबून टिपता येते ती कशी? ज्यांनी विहिरीवरचा रहाट पाहिला आहे त्यांना हे चटकन उमगेल. माळेला बांधलेली गाडगी भरून वर येतात, रिती होतात, पुन्हा खाली जातात. गाडग्यांची संख्या ठरलेली. इथेही रेकॉर्डर खेळ चालू असताना सारखं चित्रण करत असतो, पण त्याच्याजवळ जागा ठरावीक वेळेपुरतीच असते. ती भरली की सगळ्यात जुनं पुसायचं आणि तिथे नवं लिहायचं. आपण बटण दाबलं की त्या घडीला माळेवर जेवढं आहे तेवढं वेगळ्या भांड्यात काढून ठेवलं जातं. तीच क्लिप. रहाट तीस सेकंदांचा असेल आणि मित्रांशी जल्लोष करून तुम्ही मिनिटाभरानं बटण दाबलंत, तर क्लिपमध्ये फक्त जल्लोष सापडेल. आणि रहाट आधीपासून सुरूच केला नसेल तर काहीच सापडणार नाही, कितीही फोल्डर उपसले तरी. ही सोय अनेकदा मुळात बंद असते, म्हणून सेटिंग्जमध्ये जाऊन एकदा खात्री करून घ्यावी. सारखं चित्रण करूनही खेळ फारसा अडखळत नाही, कारण ते काम ग्राफिक्स कार्डातला एक स्वतंत्र भाग करतो. एनव्हिडियानं तो २०१२च्या केप्लर पिढीपासून आपल्या कार्डांत दिला.

आता एकेकाची जागा. विंडोजचा स्वतःचा रेकॉर्डर म्हणजे गेम बार. विंडोजचं बटण आणि जी दाबलं की तो उघडतो. विंडोज, आल्ट आणि आर ही बटणं एकत्र दाबली की रेकॉर्डिंग सुरू किंवा बंद होतं. आरच्या जागी जी दाबलं तर नुकतीच सरलेली तीस सेकंदं साठवली जातात. त्याचा सगळा माल ‘व्हिडिओज’ फोल्डरातल्या ‘कॅप्चर्स’मध्ये पडतो. हा फारसा भटकत नाही. एकच पाचर आहे. वनड्राइव्हचा बॅकअप चालू असेल तर अख्खं व्हिडिओज फोल्डर वनड्राइव्हच्या पोटात सरकलेलं असू शकतं, आणि जुन्या वाटेनं गेलं तर रिकामी खोली दिसते. व्हिडिओजवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमधलं लोकेशन पाहिलं की खरा पत्ता मिळतो. वनड्राइव्हवर फुकटची जागा ५ जीबी असते, आणि खेळाच्या क्लिपा ती बघता बघता भरून टाकतात. त्यामुळे हे फोल्डर मी त्या बॅकअपमधून बाहेरच ठेवतो.

आल्ट आणि एफ-टेन ही एनव्हिडियाच्या इन्स्टंट रिप्लेची खूण. एफ-नाइन असतं तर ते सबंध रेकॉर्डिंगचं. हा रेकॉर्डरही व्हिडिओजमध्येच ठेवतो, पण प्रत्येक खेळाच्या नावाचं वेगळं फोल्डर करून. खेळ कोणता चाललाय हे त्याला ओळखता आलं नाही, तर आपण साध्या स्क्रीनचंच चित्रण करतोय असं तो धरून चालतो आणि फोल्डरला नाव देतो ‘डेस्कटॉप’. भाच्याची क्लिप तिथेच निघाली. पोरगा खरा डेस्कटॉप धुंडाळत होता आणि क्लिप व्हिडिओजमधल्या तोतया डेस्कटॉपमध्ये बसली होती. एएमडीचं कार्ड असलेल्यांनी व्हिडिओजमध्येच ‘रेडियन रिलाइव्ह’ नावाचं फोल्डर आहे का ते पाहावं.

स्टीमचा प्रकार मात्र निराळा आहे, आणि सर्वांत जास्त गोंधळ तिथेच होतो. नोव्हेंबर २०२४मध्ये स्टीमनं स्वतःचं रेकॉर्डिंग सगळ्यांना खुलं केलं. कंट्रोल आणि एफ-इलेव्हननं ते हवं तेव्हा सुरू करता येतं. मागं चालणारा रहाट लावला तर तो तीस सेकंदांचा नसतो, मुळातच १२० मिनिटांचा असतो. कंट्रोल आणि एफ-ट्वेल्व्ह दाबलं की त्या क्षणावर खूण उमटते, पुस्तकाचं पान दुमडून ठेवावं तशी. हे सगळं स्टीमच्या ‘यूजरडेटा’मधल्या ‘गेमरेकॉर्डिंग्ज’ फोल्डरात जातं. तिथे जाऊन एमपी-फोर फाइल शोधाल तर मिळणार नाही. स्टीम चित्रणाचे छोटे छोटे तुकडे करून ठेवतं आणि कोणता तुकडा कोणामागे लावायचा याची यादी वेगळ्या फाइलीत असते. ते तुकडे हातानं उचलू नयेत, पुसू तर मुळीच नयेत. माळेतला एक मणी काढला की माळ बिघडते. स्टीममध्येच क्लिप उघडावी, हवा तेवढा भाग निवडावा आणि एक्स्पोर्ट करावा. मग पाठवण्याजोगी एमपी-फोर हाती येते.

इतकं करूनही नाहीच सापडली तर फाइल एक्स्प्लोररच्या शोधचौकटीत इंग्रजीत ‘काइंड’, कोलन, ‘व्हिडिओ’ असं लिहावं आणि आलेली यादी तारखेनुसार लावावी. नुकतीच टिपलेली क्लिप सगळ्यात वर येते. याच चौकटीत ‘साइझ’, कोलन, ‘जायगँटिक’ असंही लिहिता येतं; विंडोजच्या लेखी ४ जीबीहून मोठी फाइल म्हणजे जायगँटिक. कॉम्प्युटरची जागा कोणी खाल्ली हे पाहायला मला याहून झटपट उपाय माहीत नाही.

जागेचा हिशोब पाटीवर मांडण्यासारखा आहे. समजा, रेकॉर्डिंग सेकंदाला ५० मेगाबिट या दरानं चाललंय. आठ बिटांचा एक बाइट, म्हणजे सेकंदाला सव्वासहा मेगाबाइट, मिनिटाला ३७५ आणि तासाला साडेबावीस जीबी. शनिवार-रविवार मिळून दहा तास खेळ सलग टिपला तर २२५ जीबी. दर १५वर आणला तर तासाला पावणेसात जीबीत भागतं, आणि व्हॉट्सॲपवर मित्राला दाखवायच्या क्लिपेत तो फरक कोणाला दिसत नाही. रहाटाची लांबीही उगाच वाढवू नये. वीस मिनिटांच्या रहाटात तुमचा पराक्रम पाऊण मिनिटाचा असतो, बाकी पळापळ.

याच्याशी ताडून पाहण्यासारखी एक जुनी गोष्ट. १९९३च्या डूममध्येही खेळ टिपता यायचा, पण तो चित्र साठवतच नसे. खेळाडूनं कोणत्या क्षणी कोणतं बटण दाबलं एवढीच नोंद, सेकंदाला ३५ वेळा, दर वेळी चार बाइट. मिनिटाचे झाले ८,४०० बाइट. पुन्हा पाहताना खेळच ती बटणं नव्यानं ‘दाबायचा’. वरच्या ३७५ मेगाबाइटांपुढे हे चाळीस हजार पटींहून लहान आहे. काउंटर-स्ट्राइकच्या ‘डेमो’ फाइलीही चित्राऐवजी खेळातल्या घडामोडीच साठवतात, म्हणून लहान असतात. पण खेळाची आवृत्ती बदलली की जुना डेमो रुसतो, उघडेलच याची खात्री नाही. जपून ठेवायचा सामना असेल तर व्हिडिओ करूनच ठेवावा.

आपल्याकडे आणखी एक संकट असतं, ते म्हणजे ऐन रंगात वीज जाणं. साध्या एमपी-फोर फाइलीची अनुक्रमणिका रेकॉर्डिंग संपताना लिहिली जाते. ती लिहायच्या आत कॉम्प्युटर बंद पडला तर आतली चित्रं असूनही प्लेअर फाइल उघडत नाही. ओबीएस हा रेकॉर्डर वापरणाऱ्यांनी म्हणूनच एमकेव्हीमध्ये टिपावं. ती फाइल अर्ध्यावर तुटली तरी तिथवरचा भाग शाबूत राहतो. नंतर ओबीएसच्याच फाइल मेनूतलं ‘रीमक्स रेकॉर्डिंग्ज’ वापरून तिची एमपी-फोर करावी. त्यात चित्राला हात लागत नाही, नुसता डबा बदलतो, त्यामुळे काम काही सेकंदांत आटपतं.

कापाकापीतही हाच भेद ध्यानात ठेवावा. लॉसलेसकट नावाचं मोफत सॉफ्टवेअर फाइल जशीच्या तशी कापतं. दर्जा तोच राहतो, फक्त काप हव्या त्याच क्षणी न पडता थोडा मागेपुढे पडू शकतो. हँडब्रेक चित्रण नव्यानं बांधतं. त्याला वेळ लागतो, पण फाइल बरीच लहान होते. मी आधी कापतो आणि मग उरलेलं लहान करतो. उलट केलं तर फेकून द्यायच्या भागावरही कॉम्प्युटर तापवावा लागतो.

आवराआवरीचं म्हणाल तर मोठी शिस्त माझ्याच्यानं होत नाही. खेळ संपला की त्याच रात्री क्लिपा एकदा पाहायच्या; ठेवायची तिला तारीख आणि काय घडलं ते नावात लिहून दुसऱ्या ड्राइव्हवर हलवायचं, बाकीच्या पुसायच्या. महिन्यानं पाहिलं तर तीस फाइलींपैकी कोणतीत काय आहे ते आठवत नाही, आणि मग भीतीपोटी सगळ्याच राहतात. पेनड्राइव्हवर मोठी फाइल ‘मावत नाही’ म्हणून अडली, तर तो एफएटी-३२ पद्धतीचा असणार. त्यात एक फाइल ४ जीबीच्या पलीकडे जात नाही, जागा कितीही मोकळी असली तरी. आतलं सगळं आधी दुसरीकडे काढून तो एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करावा.

भाच्यानं क्लिप व्हॉट्सॲपवर व्हिडिओ म्हणून पाठवली, ती धुरकट झाली. डॉक्युमेंट म्हणून पाठव म्हटल्यावर नीट आली. पाच गडी खरंच टिपले होते. पण तिसरा पडत असताना मागून माझ्या बहिणीचा आवाज येतो, “अरे, साडेबारा वाजलेत, ते बंद कर आधी!” तेवढं काढता येईल का, असं त्यानं विचारलं. खेळाचा आणि माइकचा आवाज वेगवेगळ्या ट्रॅकवर टिपायची सोय सेटिंग्जमध्ये होती, त्यानं ती लावली नव्हती. दोन्ही आवाज एकाच ट्रॅकमध्ये मिसळले होते. आता त्याच्या मित्रमंडळींत ती क्लिप आईच्या आवाजासकटच फिरते आहे.