थेरगावातून क्षितिज किती लांब?

संकष्टीच्या रात्री थेरगावातल्या गच्च्यांवर गर्दी होते. कॅलेंडरात चंद्रोदयाची वेळ नऊच्या आसपासची असते. आरतीची तयारी झालेली असते, मोदक गार होत असतात, पण चंद्राचा पत्ता नसतो. पवनेच्या पलीकडे चिंचवडगावात मोरया गोसावींची समाधी आहे, त्यामुळे या भागात संकष्टी धरणारी घरं पुष्कळ. आणि दर महिन्याला कुणीतरी म्हणतंच, की वेळ चुकीची छापली आहे.

वेळ चुकीची नसते. चुकतो तो आपला क्षितिजाचा हिशेब. प्रवासवर्णनांत, कवितेत आणि तत्त्वज्ञानात क्षितिज इतकं वापरलं गेलं आहे, की ही साधी मोजता येणारी गोष्ट आहे हेच आपण विसरलो. तिच्याभोवती गैरसमज मात्र भरपूर साचले आहेत.

गैरसमज : चंद्र कॅलेंडरच्या वेळेला उगवत नाही

पंचांगातला उदय आणि अस्त आदर्श क्षितिजासाठी काढलेला असतो, म्हणजे चहूकडे समुद्रासारखं सपाट आहे असं मानून. थेरगावात असं क्षितिज कुठेच नाही. पूर्वेला चिंचवड-पिंपरीच्या इमारती, पश्चिमेला सह्याद्रीच्या रांगा. शंभर मीटरवर चाळीस मीटर उंच इमारत उभी असेल, तर ती आकाशाचा खालचा सुमारे 22 अंशांचा पट्टा खाऊन टाकते. चंद्र तासाला साधारण 14 अंश सरकतो. म्हणजे कॅलेंडरची वेळ अगदी अचूक असूनही तळमजल्यावरच्या माणसाला दीड तास तरी थांबावं लागणार. कॅलेंडरं निरनिराळ्या शहरांसाठी चंद्रोदयाच्या वेगळ्या वेळा देतात, पण तुमच्या समोरच्या टॉवरचा विचार ती कशी करणार?

उंचावर गेलं की उलटं होतं. क्षितिज खाली झुकतं, म्हणून उदय लवकर दिसतो आणि अस्त उशिरा. मध्ये आडोसा नसेल तर चाळीस मीटरवर हा फरक पाऊण मिनिटाचा असतो. दुबईतल्या बुर्ज खलिफाने तर धर्मशास्त्रालाच हा प्रश्न घातला. 2011च्या रमजानमध्ये तिथल्या मुफ्तींनी सांगितलं, की ऐंशीव्या मजल्याच्या वर राहणाऱ्यांनी रोजा दोन मिनिटं उशिरा सोडावा आणि दीडशेव्याच्या वर राहणाऱ्यांनी तीन मिनिटं. खालच्यांचा सूर्य मावळला, वरच्यांचा अजून दिसतो आहे, हे त्यांनी मान्य केलं. उपासाच्या बाबतीत याहून शास्त्रशुद्ध निर्णय मला तरी माहीत नाही.

त्यात आणखी एक गंमत. सूर्याची खालची कड क्षितिजाला टेकलेली दिसते, तेव्हा हवा नसती तर सूर्य आपल्याला दिसलाच नसता. वातावरण प्रकाश वाकवतं, त्यामुळे क्षितिजाजवळची वस्तू अर्ध्या अंशाहून किंचित जास्त वर उचललेली दिसते, आणि सूर्यबिंबाची रुंदीही जेमतेम अर्धा अंशच. म्हणजे मावळतीचे फोटो आपण काढतो ते खरं तर मावळून गेलेल्या सूर्याचे.

गैरसमज : उगवता चंद्र मोठा असतो

नसतो. बोटाच्या पेराने मोजून पाहा, डोक्यावरचा चंद्रही तेवढाच भरतो. उलट क्षितिजावरचा चंद्र आपल्यापासून पृथ्वीच्या जवळपास एका त्रिज्येएवढा अधिक लांब असल्याने दीड टक्क्याने लहान असतो. मोठा दिसतो तो मेंदूला. असं का होतं यावर मानसशास्त्रज्ञांचं अजून एकमत नाही.

गैरसमज : क्षितिज फार लांब असतं

हा सगळ्यांत पक्का बसलेला समज. ‘क्षितिजापार’ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर शेकडो कोस येतात. सपाट किनाऱ्यावर उभ्या असलेल्या माणसाचे डोळे जमिनीपासून 1.6 मीटरवर असतील, तर त्याचं क्षितिज साडेचार किलोमीटरवर असतं, म्हणजे थेरगावच्या डांगे चौकातून चालत तासाभरात पोचता येईल इतकंच.

सूत्र सोपं आहे. डोळ्यांच्या उंचीचं मीटरमधलं वर्गमूळ काढा आणि 3.57ने गुणा, उत्तर किलोमीटरमध्ये येतं. हवेच्या वाकवण्यामुळे प्रत्यक्षात त्यात सात-आठ टक्के भर पडते. बाराव्या मजल्यावर हे अंतर सुमारे 22 किलोमीटर होतं. पण वर्गमूळ कंजूष असतं. तेच अंतर दुप्पट करायचं तर चौपट उंची लागते, म्हणजे अठ्ठेचाळिसावा मजला. ‘क्षितिज तुमच्या खिडकीत’ अशा जाहिराती या पट्ट्यात सर्रास दिसतात. वरच्या मजल्याचे जास्तीचे पैसे मोजणाऱ्यांनी हे वर्गमूळ लक्षात ठेवावं. महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर कळसूबाई, 1,646 मीटर. तिथून समुद्रसपाटीचा हिशेब धरला तरी क्षितिज 145 किलोमीटरच्या आसपास येतं. दहा किलोमीटर उंचीवरून जाणाऱ्या विमानातून साडेतीनशेच्या थोडं पुढे.

मग थेरगावातल्या उंच गच्चीवरून पावसाळ्यानंतरच्या एखाद्या स्वच्छ सकाळी सिंहगड दिसतो तो कसा? तो सरळ रेषेत सुमारे 27 किलोमीटरवर आहे, बाराव्या मजल्याच्या क्षितिजापलीकडे. त्याचं कारण तोही उंच आहे. दोन उंचींची क्षितिजं एकमेकांत मिळवायची असतात. थेरगाव समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या आगेमागे आणि सिंहगड तेराशेच्या वर. इतक्या अंतरात पृथ्वीची गोलाई पायथ्याकडचे फार तर साठ मीटर लपवते, सातशे मीटरचा डोंगर ती कशी लपवणार? गड दिसला नाही तर दोष धुरकट हवेचा किंवा समोरच्या इमारतीचा.

गैरसमज : उंच कड्यावरून पृथ्वीची गोलाई दिसते

हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावरचे असे फोटो दर मोसमात फिरतात. गडाची उंची 1,424 मीटर. एवढ्या उंचीवरून क्षितिज सव्वा अंशाच्या आत-बाहेर खाली झुकतं, पण त्याचा बाक नुसत्या डोळ्यांना जाणवत नाही. त्याला दहा-अकरा किलोमीटर उंची लागते, शिवाय रुंद दृश्य आणि निरभ्र आकाश. फोटोतला बाक वाइड अँगल लेन्सचा. कॅमेरा जरा वर केला की तेच क्षितिज उलट्या बाजूला वाकतं, एवढी खूण पुरे.

गैरसमज : जुन्या लोकांना क्षितिज म्हणजे जगाची कड वाटायची

कोलंबसाचे खलाशी पृथ्वीच्या कडेवरून खाली पडू म्हणून घाबरले होते, ही गोष्ट आपण शाळेपासून ऐकतो. कुसुमाग्रजांच्या ‘कोलंबसाचे गर्वगीत’मुळे मराठी वाचकाच्या मनात कोलंबस म्हटलं की अथांग समुद्राला आव्हान देणारा माणूस उभा राहतो. ते कवितेतलं चित्र आहे आणि तिथे ते शोभतं. इतिहास मात्र वेगळा आहे. पंधराव्या शतकातल्या युरोपातल्या शिकलेल्या माणसांना पृथ्वी गोल असल्याचं माहीत होतं. वाद होता आकाराचा, आणि त्या वादात कोलंबसच चुकला होता. त्याने पृथ्वी आहे त्याहून बरीच लहान धरली होती. सपाट पृथ्वीशी झुंजणारा कोलंबस लोकप्रिय केला तो अमेरिकन लेखक वॉशिंग्टन अर्व्हिंग याच्या 1828च्या चरित्राने.

आपल्याकडे पाहायला फार लांब जावं लागत नाही. चाळीसगावजवळ पाटण इथे भास्कराचार्यांच्या घराण्याचा शिलालेख आहे. त्यांचा नातू चांगदेव याच्या मठाला दिलेल्या दानाची त्यात नोंद आहे, आणि डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांपुढे आणला. भास्कराचार्यांचा ‘सिद्धान्तशिरोमणी’ 1150चा. त्यातल्या गोलाध्यायात त्यांनी नेमका हाच प्रश्न घेतला आहे, की पृथ्वी गोल असेल तर सपाट का दिसते? त्यांचं उत्तर असं, की कुठल्याही वर्तुळाच्या परिघाचा शंभरावा भाग सरळच भासतो. पृथ्वी प्रचंड, माणूस चिमुकला, म्हणून त्याच्या नजरेला येणारा तुकडा सपाट वाटतो. त्यांच्या आधी आठव्या शतकातल्या लल्ल या ज्योतिर्विदाने उलट बाजूने विचारलं होतं, की पृथ्वी सपाट असती तर ताडासारखी उंच झाडं फार लांबून का दिसत नाहीत? हा प्रश्न आरशासारखा स्वच्छ आहे.

अल-बिरूनी या विद्वानाने तर क्षितिजाकडूनच पृथ्वीचं माप काढून घेतलं. अकराव्या शतकात आजच्या पाकिस्तानातल्या पंजाबात, नंदना किल्ल्याजवळच्या डोंगरावरून त्याने क्षितिज किती झुकलं आहे तो कोन मोजला. तो अर्ध्या अंशाच्या थोडा वर भरला. डोंगराची उंची आणि हा कोन, एवढ्यावरून त्याने पृथ्वीची त्रिज्या काढली, आणि ती आजच्या 6,371 किलोमीटरच्या जवळ जाते. किती जवळ, हे त्याचा ‘हात’ केवढा धरायचा यावर अवलंबून आहे. हवेच्या वाकवण्याचा हिशेब त्याने धरला नव्हता, त्यामुळे थोडं नशीबही होतं म्हणायचं. पण पद्धत बिनचूक.

गैरसमज : क्षितिज पुढे पुढे पळतं, म्हणून प्रवास म्हणजे न मिळणाऱ्याचा पाठलाग

आधुनिक कवितेने आपल्याला ही सवय लावली. क्षितिज म्हणजे हुरहूर आणि पूर्ण न होणारी ओढ. त्यातून चांगल्या कविता झाल्या आणि पुष्कळ पाणचटही. पण मराठी मुलखातला सगळ्यांत मोठा पायी प्रवास या कल्पनेवर चालतच नाही. देहूहून निघालेली तुकोबांची पालखी आकुर्डीला मुक्काम करून पुण्याकडे जाते, तेव्हा थेरगाव-चिंचवडची माणसं दर्शनाला लोटतात. त्या वारीत कुणी क्षितिजाकडे चाललेलं नसतं. प्रत्येक मुक्काम आधीच ठरलेला असतो आणि शेवटचं ठिकाणही.

तरीसुद्धा क्षितिजाचा एक फार सुंदर प्रसंग वारीतच आहे. ज्ञानेश्वर माउलींच्या पालखी सोहळ्यात वेळापूरच्या अलीकडे एका टेकडीवर ‘धावा’ होतो. परंपरा सांगते, की तुकोबांना इथून पंढरीच्या देवळाचा कळस दिसला आणि ते तिथून धावत सुटले. म्हणून आजही वारकरी या उतारावरून धावतात. ‘इतक्या लांबून कळस दिसणं शक्य नाही’, असं म्हणणारे असतात. हिशेब करून पाहू. अंतर सरळ रेषेत तीस ते पस्तीस किलोमीटर. समजा शिखर पंचवीस मीटर उंच आहे आणि मधला मुलूख सपाट. शिखराचं स्वतःचं क्षितिज अठरा किलोमीटर. खाली सपाटीवर उभ्या असलेल्या माणसाचं साडेचार. बेरीज साडेबावीस, म्हणजे सपाटीवरून कळस दिसणार नाही. पण पंचवीस मीटरच्या टेकडीवर चढलं की बेरीज छत्तीसवर जाते आणि कळस क्षितिजाच्या वर येतो. एवढ्या अंतरावरून त्याचा आकार कळणार नाही, डोळ्याची ताकद तेवढी नाही. मात्र धातूवर चमकलेलं ऊन ठिपक्यासारखं दिसू शकतं, जसे तारे दिसतात. तुकोबांना तो खरंच दिसला का, हे गणित सांगू शकत नाही. गोलाई त्याच्या आड येत नाही आणि त्यासाठी टेकडीच लागते, एवढं ते सांगतं. परंपरेने धाव्याची जागा टेकडीवर ठेवली आहे हे मला फार बोलकं वाटतं.

तुकोबांशी जोडलेल्या जागा तरी पाहा. भंडारा, भामचंद्र, घोरावडेश्वर, तिन्ही डोंगरच. ते तिथे जात ते एकांतासाठी, देखाव्यासाठी नव्हे. पण भंडाऱ्यावर गेलेल्या कुणालाही इंद्रायणीचं खोरं एका नजरेत मिळतं आणि आपलं गाव त्यात केवढं आहे तेही कळतं.

गैरसमज : तत्त्वज्ञानात क्षितिज म्हणजे मर्यादा, पलीकडे न जाऊ देणारी भिंत

‘त्याचं क्षितिजच मर्यादित’, असं आपण सहज बोलतो. जर्मन तत्त्वज्ञ हान्स-गेऑर्ग गाडामर याने 1960च्या ‘सत्य आणि पद्धती’ या ग्रंथात क्षितिजाला मध्यवर्ती जागा दिली ती वेगळ्या अर्थाने. एका ठिकाणी उभं राहिल्यावर जे जे दिसू शकतं ते सगळं म्हणजे क्षितिज, आणि माणूस चालला की तेही चालतं. जुना ग्रंथ समजून घ्यायचा म्हणजे आपलं क्षितिज टाकून त्या काळात उडी मारायची, हे त्याला शक्य वाटत नाही. चाकणच्या कारखान्यातून रात्रपाळी करून आलेला माणूस तुकोबांचा अभंग वाचतो तेव्हा तो सतराव्या शतकातला कुणबी होऊ शकत नाही. त्याने तसं व्हायची गरजही नाही. त्याचं कर्ज, त्याची पाळी, त्याचं दमलेपण आणि अभंगातला दुष्काळ, दिवाळं, देव ही दोन्ही क्षितिजं एकमेकांत मिसळतात. तिथे अर्थ लागतो. कीर्तनकार हेच तर रोज करतात, गाडामरचं नाव न घेता.

कांटने 1781च्या ‘शुद्ध बुद्धीची मीमांसा’मध्ये याहून नेमकं म्हटलं आहे. आपली बुद्धी म्हणजे कडा कुठे ते ठाऊक नसलेलं अमर्याद पठार नाही, ती गोलासारखी आहे. गोलाच्या पृष्ठभागावरचा छोटा कंस जरी मोजला तरी त्याची त्रिज्या काढता येते, आणि त्रिज्येवरून सगळा विस्तार. हे वाचताना मला नंदनाच्या डोंगरावरचा अल-बिरूनी आठवतो. दिसणाऱ्या तुकड्याचा बाक नीट मोजला, तर न दिसणाऱ्याचंही माप हाती लागतं. क्षितिजाला नुसती हुरहूर चिकटवणाऱ्यांनी ही बाजू आपल्यापुढे फारशी आणली नाही, ही माझी तक्रार आहे.

थेरगावपासून जवळचं खरंखुरं क्षितिज अरबी समुद्रावर आहे, अलिबागला, सरळ रेषेत सुमारे 95 किलोमीटरवर. पुढच्या वेळी तिकडे गेलात तर फोटो काढण्याआधी दोन गोष्टी करा. दुर्बिणीतून दूर जाणारं एखादं जहाज पाहा, आधी बूड नाहीसं होईल आणि मग वरचा भाग. आणि संध्याकाळी वाळूवर पालथे पडून सूर्याची शेवटची कड नाहीशी होऊ द्या, आणि लगेच उभे राहा. काही सेकंदांपुरता तो पुन्हा दिसेल. सूर्याकडे मात्र दुर्बीण चुकूनही रोखू नका.