लाइम ग्रोव्हमधला रंगपट

पश्चिम लंडनमधील शेफर्ड्स बुश या दाट वस्तीच्या भागात, लाइम ग्रोव्ह नावाच्या रस्त्यावर, गोमाँ कंपनीने १९१५ मध्ये बांधलेला चित्रपट स्टुडिओ १९३२ मध्ये नव्या रूपात सुरू झाला, तेव्हा आजूबाजूला पसरायला जागाच नसल्यामुळे त्याचे फ्लोअर, म्हणजे चित्रीकरणाची दालने, एकावर एक रचावी लागली. पुढे ही वास्तू १९४९ मध्ये बीबीसीकडे गेली आणि १९९० च्या दशकात पाडली गेली; आता तेथे घरे आहेत. हिचकॉक यांचा ‘द थर्टी-नाइन स्टेप्स’ येथे घडला म्हणून या जागेचे नाव घेतले जाते, परंतु तिचे खरे वैभव येथील संगीतपटांत आहे.

बोलपट नवा असताना पात्राने एकाएकी का गावे, हा प्रश्न दिग्दर्शकांना अडवीत असे. नायक-नायिकाच नटमंडळींपैकी असले की तालीम, रंगपट आणि विंग यांतून गाणे आपसूक येई, म्हणून रंगमंचामागील आयुष्याचे कथानक सोयीचे ठरले. व्हिक्टर सॅव्हिल यांच्या ‘द गुड कम्पॅनियन्स’ (१९३३) या चित्रपटात, प्रीस्टली यांच्या कादंबरीप्रमाणेच, गावोगाव बिऱ्हाड हलवणारी आणि पैशांविना अडकून पडलेली एक मंडळी दिसते.

सॅव्हिल यांच्याच ‘एव्हरग्रीन’मध्ये (१९३४) रंगपटातील गुपित हाच कथेचा प्राण आहे. म्युझिक हॉल, म्हणजे गाणी, नाच आणि विनोद यांच्या सुट्या प्रवेशांची लोकप्रिय रंगभूमी, गाजवून नाहीशी झालेल्या तारकेची बेकार मुलगी आईचेच नाव आणि वय पांघरून रंगमंचावर उभी राहते. मायलेकींच्या दोन्ही भूमिका जेसी मॅथ्यूज यांनी केल्या. सोहोतील भाजीविक्रेत्याच्या घरी जन्मून त्या स्वतः समूहनृत्याच्या रांगेतून वर आल्या होत्या, आणि कामासाठी दारोदार फिरणाऱ्या मुलीची धडपड त्यांच्या चेहऱ्यावर इतकी खरी का वाटते, याचे उत्तर बहुधा तेथेच आहे.

मॅथ्यूज यांचे नृत्य बसवले बडी ब्रॅडली यांनी. या कृष्णवर्णीय अमेरिकी नृत्यदिग्दर्शकाने न्यूयॉर्कमध्ये अनेक गोऱ्या कलावंतांना घडवले, पण तेथे त्यांचे नाव क्वचितच जाहीर झाले. ‘एव्हरग्रीन’च्या श्रेयनामावलीत मात्र ते पडद्यावर झळकले.