बर्लिनच्या कोपऱ्यावरचा पटकथाकार

वोल्फगांग कोलहाजे यांना पूर्व जर्मनीचा बंडखोर म्हणता येत नाही आणि भाटही म्हणता येत नाही. १९३१ साली बर्लिनमध्ये जन्मलेला हा माणूस आधी युवकांच्या वर्तमानपत्रांत लिहू लागला आणि मग 'डेफा' या सरकारी चित्रपटसंस्थेत शिरला. २०२२ मध्ये वारला तोही बर्लिनमध्येच. समाजवाद त्याला मनापासून हवा होता. म्हणूनच बहुधा तो समाजवादाच्या स्वयंपाकघरात डोकावत राहिला.

दिग्दर्शक गेरहार्ड क्लाइनबरोबर त्याने बर्लिनचे चित्रपट केले. त्यांतला 'बर्लिन – एके शॉनहाउझर' (१९५७) आजही ताजा वाटतो. खांबांवरून जाणारी रेल्वे, तिच्याखाली उभी टवाळ पोरं, एका पश्चिमी मार्कच्या पैजेवर फोडलेला रस्त्यावरचा दिवा. आईचा साहेब घरी आला की पोरीने बाहेर भटकायचं. ही मुलं वाईट का वागतात याचं उत्तर फक्त 'पश्चिमेची फूस' एवढंच नाही, असं चित्रपट सुचवत होता. वरच्यांना ते रुचण्याजोगं नव्हतं.

पुढे दोघांनी 'बर्लिन उम डी एके' केला. दोन तरुण कामगार, मजुरीवरून कुरबुर, जुनाट यंत्रं, आणि आयुष्यभर राबलेल्या पिढीशी रोजची हुज्जत. राज्य उलथवण्याची भाषा त्यात कुठेच नाही. पण डिसेंबर १९६५ मध्ये सत्ताधारी पक्षाच्या केंद्रीय समितीच्या बैठकीनंतर डेफाच्या जवळजवळ वर्षभराच्या कामावर गदा आली, त्यात हाही गेला. लोकांसमोर यायला त्याला दोन दशकांहून जास्त काळ लागला. क्लाइन १९७० मध्येच गेले होते. कारखान्यात पगारावरून भांडण होतं, हे कामगारांच्या राज्यालाच ऐकवेना, ही गंमतच.

कोलहाजे मात्र देश सोडून गेला नाही. दिग्दर्शक कोनराड वोल्फबरोबर त्याने युद्धावर लिहिलं, आणि १९८० मध्ये दोघांनी मिळून 'सोलो सनी' दिग्दर्शित केला. कारखाना सोडून गावोगावच्या कार्यक्रमांत गाणारी सनी रात्रीच्या पाहुण्याला सकाळी सांगते, न्याहारी मिळणार नाही, आणि त्यावर चर्चाही होणार नाही. तिला सुधारायची घाई पटकथेला नाही. रेनाटे क्रोसनरला या भूमिकेसाठी बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं.

पूर्व जर्मनी हा देशच गेला, तरी लेखणी थांबली नाही. 'झोमर फॉर्म बाल्कोन'मधल्या (२००५) दोन मैत्रिणींपैकी एक म्हाताऱ्यांची घरोघरी सेवा करते, दुसरी नोकरी शोधते. सनीच्या इमारतीत दोघी सहज खपल्या असत्या.

ऑयगेन रूगेच्या कादंबरीवरची त्याची पटकथा २०१७ मध्ये पडद्यावर आली. १९८९ चा शरद ऋतू, पक्षातल्या जुन्या निष्ठावंताचा नव्वदावा वाढदिवस, नातू नुकताच पश्चिमेला निसटलेला. म्हातारा मेजवानीचं टेबल स्वतःच जोडण्याचा हट्ट धरतो, खिळे ठोकतो, आणि ते पदार्थांसकट कोसळतं.