आटपाडीची गोष्ट बर्लिनला

जुना मुंबई-पुणे रस्ता वाकडेवाडीतून पुण्यात शिरतो. तिथंच ग. दि. माडगूळकरांचं घर, ‘पंचवटी’. गदिमा म्हटलं की आपल्या ओठांवर गीतरामायण येतं, आणि पटकथाकार गदिमा मागे राहतात. मला ही मोठी उणीव वाटते.

मॅट्रिकला नापास झालेला हा मुलगा 1938 मध्ये ‘ब्रह्मचारी’ चित्रपटात छोट्या भूमिकेत दिसला. पुढे वि. स. खांडेकरांचा लेखनिक झाला आणि लिहिता लिहिता पटकथेचं तंत्र उचललं. ‘रामजोशी’, ‘पेडगावचे शहाणे’, ‘लाखाची गोष्ट’, ‘जगाच्या पाठीवर’ ही नावं घेतली तरी पुरे.

पण त्यांच्या कामाची खरी ताकद बघायची तर व्ही. शांतारामांचा ‘दो आँखें बारह हाथ’ (1957) बघावा. त्याचं बीज गदिमांच्या घराजवळचं. त्यांचं शेटफळे गाव तेव्हा औंध संस्थानात होतं. संस्थानाने 1939 मध्ये मॉरिस फ्रीडमन या पोलिश अभियंत्याच्या पुढाकाराने आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं. तिथे कैदी बिनभिंतीच्या तुरुंगात शेती करत, कुटुंबासह राहत.

गदिमांनी त्यातून सहा खुनी आणि एक जेलर उभा केला. यातली पटकथेची करामत पाहा. बेडी नाही, पहारा नाही, मग कैदी पळत का नाहीत? ते पळतातही; पण जेलरचे डोळे पाठ सोडत नाहीत, आणि सगळे परत येतात. लांबलचक उपदेशाला वावच नाही. विश्वासासारखी न दिसणारी गोष्ट पडद्यावर दाखवायची कशी, याचं उत्तर लेखकाने दोन डोळ्यांत शोधलं. पुढे हेच कैदी पिकवलेली भाजी स्वस्तात विकायला बसतात, व्यापाऱ्यांचे गुंड त्यांना झोडपतात, आणि शब्द दिलाय म्हणून खुनाची सवय असलेले हात उगारले जात नाहीत. परीक्षा तुरुंगात घेण्याऐवजी भरबाजारात घेणं, ही लेखकाची नजर.

या चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. 1958 मध्ये बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं. त्या वर्षीचं सुवर्ण अस्वल स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ला होतं. दुसऱ्या महायुद्धानंतर दिग्दर्शक श्टाउटेनं ‘खुनी आपल्यातच आहेत’ (1946) लिहून-दिग्दर्शित करून जर्मन पडद्यावर अपराधाचा प्रश्न मांडला होता. त्याच बर्लिनमध्ये बारा वर्षांनी आटपाडीच्या माणदेशातले खुनी पोचले, तेही शेत नांगरत.